एका फ्लॅटमधून दोन हजेऱ्या

पुण्याच्या फॅमिली कोर्टात आमच्या संमतीच्या घटस्फोटाची शेवटची तारीख होती आणि आम्ही दोघं कतारला, दोह्यातल्या अल हिलाल भागात एकाच फ्लॅटमध्ये. माझा व्हिसा नवऱ्याच्या नावावर, मुलीची परीक्षा तोंडावर, जाणार कुठे? दीड वर्ष तो हॉलमध्ये झोपत होता. नवरा-बायकोसारखं राहत नसाल तर कायद्याने वेगळेच, असं वकीलबाईंनी समजावलं होतं.

व्हिडिओवर हजेरी द्यायला तो हॉलमध्ये बसला आणि मी बेडरूमचं दार लावून बसले. खुर्ची तीनदा सरकवली, एसी दोनदा बंद केला. सुनावणी सुरू झाली आणि आवाज घुमायला लागला. "मॅडम, हेडफोन लावा," न्यायाधीश म्हणाले. माझा सापडेना. मी ड्रॉवर आपटत सुटले. तेवढ्यात दार उघडलं, नवऱ्याने स्वतःचा हेडफोन टेबलावर ठेवला आणि परत गेला. इतकं कळत होतं, तर मग... जाऊ दे.

मी तो कानाला लावला. न्यायाधीशांनी आधी त्याला संमती विचारली. सहा पावलांवर बसलेल्या माणसाचा 'हो' पुण्याला जाऊन माझ्या कानात आला. माझा 'हो' त्याला मात्र आधी भिंतीतूनच ऐकू गेला असणार.