शिवणीच्या आतलं कापड

मोठ्या घरच्या वहिनीसाहेब दारात दिसल्या तरी शिंपीणबाईनं मशीन थांबवलं नाही.

बावीस वर्षांपूर्वी याच बाईंच्या अंगाला टेप लावायची तिला मुभा नव्हती. ‘लांबूनच बघ नि शीव,’ हा मोठ्या घरचा नियम. नजरेनं घेतलेलं माप चुकायचंच. म्हणून ती शिवणीच्या आत चार-चार बोटं जादा कापड दाबून ठेवी. पण निळ्या रेशमाचा पोशाख हातात घेऊन वहिनीसाहेब सगळ्या गडीमाणसांसमोर म्हणाल्या होत्या, “हातभर कापड कमी भरतंय. चोरलंस!”

“आत आहे हो. उसवून दाखवते.”

“खबरदार हात लावशील तर!”

त्यानंतर गावात कुणी तिला साधं बटण लावायला दिलं नाही. आई गेली, तेव्हा भेटायला आलेलेसुद्धा दारातून परतताना ‘चोरटीची आई’ म्हणाले. तिनं ऐकलं.

आता मोठ्या घरच्या शेतांवर कारखाना उभा होता आणि कामगारांचे कपडे शिवणारी अठरा मशिनं तिची होती.

“अगं, ऐकतेस का?” वहिनीसाहेबांनी बोचकं सोडलं. “संध्याकाळी कारखानदार येतायत, आमच्या मुलीला बघायला. आपलं खानदान दिसायला नको? हे तेवढं सैल करून दे. मी अंमळ भरलेय.”

तेच निळं रेशीम.

“सैल कसं होणार, वहिनीसाहेब? कापड तर मी चोरलं होतं.”

एकेक मशीन थांबत गेलं.

“जुनं काय उगाळत बसलीस! बघ तरी आत काही आहे का.”

शिंपीणबाईनं पोशाख उलटा केला, सरसर टाके उसवले. आत दाबलेलं रेशीम बाहेर आलं, ऊन न लागलेलं, बाहेरच्यापेक्षा गर्द.

“मोजा गं पोरींनो.”

“हातभर भरतंय, बाई!” एक पोरगी म्हणाली.

“आहे ना? सुटले बाई,” वहिनीसाहेब खुर्चीत टेकल्या. “घाल टीप पटकन.”

शिंपीणबाई त्यांच्या तोंडाकडे बघत थांबली. आणखी एखादा शब्द येतोय का, म्हणून चांगली वाट पाहिली. वहिनीसाहेब पदरानं वारा घेत होत्या.

तिनं मोठी कात्री उचलली आणि जादा कापड जुन्या शिवणीच्या खुणेला लागून कापून टाकलं. एका बाजूचं, मग दुसऱ्या बाजूचं.

“अगं, काय केलंस हे! आता मी घालू काय?”

“तुमचं कापड,” तिनं निळ्या पट्ट्या त्यांच्या मांडीवर ठेवल्या. “नीट मोजून घ्या. नंतर कमी भरलं म्हणाल.”

आणि तिनं पुन्हा मशीन सुरू केलं.