सुगतनं वगळलेलं नाव

तुमसरच्या एका राइस मिलच्या वजनकाट्यावर सुगत गजभिये कॉम्प्युटर सांभाळतो. घरी त्याच्याकडे मोटारशर्यतीचा एक जुना गेम होता. तो एकट्यालाच खेळता यायचा. लहानपणी तो आणि धाकटी बहीण तृप्ती पाळी लावून खेळत आणि पाळीवरूनच भांडत. मोठेपणी सुगतच्या मनात आलं, स्क्रीनचे वर-खाली दोन भाग करून दोघांना एकदम खेळता आलं तर? जुन्या गेममध्ये अशी भर बाहेरून घालता येते, तिला मॉड म्हणतात.

स्क्रीन त्यानं दुभागली. पण दोघांच्या हातांतला कोणताही एक कंट्रोलर हलवला की दोन्ही गाड्या वळायच्या. दोन महिने तो तिथंच अडला. तृप्ती तेव्हा बीएस्सी होऊन घरीच होती. गेम कंट्रोलरकडून काय काय घेतो, ते तिनं वहीत एकेक करून लिहून काढलं आणि दोन्ही कंट्रोलर वेगळे करणारा भाग स्वतः लिहिला. त्या दिवशी तिनं भावाला सलग तीन शर्यतींत हरवलं.

लग्न होऊन ती अड्याळला गेली. त्यानंतर सुगतनं मॉड इंटरनेटवर टाकला, तो एकट्याच्या नावानं. तिचं नंतर घालू, असं त्याला वाटलं. मग कौतुक होऊ लागलं आणि ते राहूनच गेलं. एका हिंदी यूट्यूब चॅनलवाल्यानं त्याला मुलाखतीत विचारलं, कंट्रोलरचं कसं जमवलं? सुगत म्हणाला, "अकेला ही बैठा रहा, हो गया."

पुढच्या रविवारी तो अड्याळला गेला. तृप्तीची सासू, धुरपताबाई, कौतुकानं सांगू लागल्या.

"तुमचा विडिओ पाह्यला आमी. तृप्तीनंच शेजारच्यायले बलावलं होतं. अर्धं काम माह्यं आहे म्हणे. मंग तुमी एकट्यानंच केलं म्हणाले, तं सारे हासले. भावाचं कौतुक आहे तिले, थोडं वाढवून बोलते."

तृप्ती चहा घेऊन तिथंच उभी होती. तिनं एकदा त्याच्याकडे पाहिलं. सुगतचे कान तापले. त्यानं कप उचलला आणि खाली मान घालून चहा पीत राहिला. ती आत गेली, ती तो निघेपर्यंत बाहेर आली नाही.

दुसऱ्या दिवशी त्यानं मॉडच्या पानावर लिहिलं, की कंट्रोलरचं सगळं काम तृप्तीचं आहे आणि मुलाखतीत मी खोटं बोललो. मग धुरपताबाईंना फोन करून तेच सांगितलं.

"मंग काल माह्यासमोर काहून नाही बोलले?"

"लाज वाटली, मावशी."

"अन् तिले नसंल वाटली, चार लोकांत?"

त्याच संध्याकाळी धुरपताबाई शेजारी घरोघर जाऊन खरं काय ते सांगून आल्या. तृप्ती मात्र दोन महिने भावाशी बोलली नाही. मग एक दिवस तिची फाइल आली. खेळता खेळता कंट्रोलरची वायर निघाली तर गेम अडकायचा, तो दोष तिनं दुरुस्त केला होता. सोबत एक ओळही नव्हती. सुगतनं लगेच फोन केला.

"मिळाली का?" तिनं विचारलं.

"मिळाली."

"काही अडलं तं सांग," म्हणून तिनं फोन ठेवला. माफी मागायची म्हणूनच त्यानं फोन केला होता. ती मागायची राहिलीच.