टीव्हीवरची ओली भिंत

कृष्णात गवंड्याला आयुष्यात एकाच माणसाची शाबासकी हवी होती, आणि तेवढा एकच माणूस ती देत नव्हता. तो म्हणजे बायकोचा भाऊ, मलकापूरचा नानासो. तोही गवंडीच. कृष्णातचं कुठलंही काम बघितलं की डोळा बारीक करायचा आणि म्हणायचा, "बरं हाय, दाजी." बास.

गुडघे गेले तशी कृष्णातनं थापी ठेवली. पण तासगावाजवळच्या त्याच्या वाडीत शाळेची भिंत पडली, तेव्हा थापी पुन्हा काढली. भिंत उभी केली, गिलावा केला. ताज्या गिलाव्याला पाणी कमी पडलं तर तो तडकतो. म्हणून पाणी मारायलाही तो स्वतःच जायचा.

अशात एका चॅनेलचा जयराज कॅमेरा घेऊन आला. त्याला पडकी भिंत हवी होती.

"ती बांधली की!" शाळेच्या बाई म्हणाल्या.

जयराजचं तोंड उतरलं. "बांधलेल्या भिंतीची बातमी कुठं होते, मॅडम?"

कृष्णातनं ते ऐकलं. भिंत टीव्हीवर आली तर नानासो बघणार! उठून दिसावी म्हणून त्यानं नळी धरली आणि तिला वरपासून खालपर्यंत आंघोळ घातली.

जयराज वळला. चेहरा खुलला. "आजोबा, भिंत ओली आहे?"

"ओलीच हाय! आठवडाभर ओलीच ऱ्हायला पायजे, तवा गिलावा पक्का हुतो."

घरी येताच त्यानं मेहुण्याला फोन लावला. "संध्याकाळी टीव्ही लाव."

संध्याकाळी बातमी लागली : ‘शाळेची नवी भिंत आठवड्यातच गळकी!’ भिंतीवरून पाणी ओघळत होतं आणि कृष्णात दात काढून सांगत होता, "ओलीच हाय!" पुढचं सगळं कापलेलं.

बायको मनुबाई पदरात हसली. "आवं, निदान हसायचं तरी न्हाई!"

तेवढ्यात फोन वाजला.

"दाजी, पाणी मारलंय ते कळलं मला," नानासो म्हणाला. "पर डावा कोपरा वळंब्यात न्हाई, तिरका हाय."

कृष्णात गळती विसरला. ताट सारलं, ओळंबा घेतला आणि गुडघे दाबत शाळा गाठली. कोपऱ्याला दोरी सोडली. केसाचाही फरक नव्हता. तिथूनच त्यानं फोन केला.

"कोपरा सरळ हाय रं! कॅमेराच तिरका धरला हुता त्यानं."

पलीकडून नानासोचं नेहमीचंच आलं.

"बरं हाय, दाजी. उद्या येतो. माझा वळंबा घिऊन."

कृष्णातनं फोन खिशात टाकला आणि पुन्हा नळी धरली.