सातवं नाव

ऑफिसात गेल्यावर अक्का कधी बसत नसत. साहेबांनी खुर्ची दाखवली तरी त्या फाइल पोटाशी धरून उभ्याच. एकदा बाहेर आल्यावर मी कारण विचारलं, तर आमच्या अहिराणीत म्हणाल्या, "बसं का माणूस इसरी जास, कसाले येल शे ते."

चोपड्याच्या पुढे, सातपुड्याच्या पायथ्याशी आमची आश्रमशाळा. अक्का सोनगीरच्या, मी धरणगावची. मी तिथे लागले तेव्हा अक्का अठरा वर्षं तासिकेवर शिकवत होत्या. तासिकेवर म्हणजे दर जूनला नवा हुकूम आणि दर एप्रिलला घरी. मुलींच्या डोक्यातल्या उवा काढण्यापासून अपूर्णांक शिकवण्यापर्यंत काम सगळं कायम शिक्षकाचं, फक्त शिक्का तासिकेचा. शेवटी आम्ही सात जण मिळून हायकोर्टात गेलो. त्यात सगळ्यांत मोठ्या अक्का, सगळ्यांत धाकटी मी.

निकाल आमच्या बाजूनं लागला. सातही जणांना नियमित नियुक्ती द्या, असं कोर्टानं लिहिलं. आम्ही तिथंच एकमेकांना पेढे भरवले. अक्कांनी मात्र पेढा पदराच्या टोकात बांधून ठेवला. "हुकूम येऊ दे, मग खाईन." तो पेढा पुढे मुंग्यांनी खाल्ला.

कारण हुकूम येईना. आम्ही दर महिन्याला एसटीनं जळगावला खात्याच्या ऑफिसात जायचो आणि साहेब दर महिन्याला सांगायचे, "वरून मार्गदर्शन मागवलंय." साहेब तसे वाईट नव्हते, चहा विचारायचे. एकदा अक्का म्हणाल्या, "साहेब, मी पाचवीला शिकवते. पोरगं म्हणालं, उत्तर विचारून सांगतो, तर एकदा चालतं. दर महिन्याला तेच म्हणालं, तर त्याला पुन्हा पाचवीतच बसवावं लागतं." साहेब हसले. हुकूम तरीही आला नाही.

मग वकिलांनी अवमान याचिका दाखल केली. सुनावणीच्या आधीच्या आठवड्यात ऑफिसातून फोन आला, हुकूम तयार आहेत, न्यायला या. गेलो. यादीत सहा नावं होती. माझं नव्हतं. बाळंतपणासाठी मी पाच महिने शाळेत नव्हते, म्हणून माझ्या सेवेत खंड, असं कारण होतं. हुकूम हातात पडायच्या आधी सही करायचा एक कागद होता: निकालाची पूर्तता झाली, आमची काही तक्रार नाही.

अक्कांनी यादी दोनदा वाचली. "साहेब, ही तर सहाच नावं आहेत."

"तुमचं आहे ना बाई? तुमची दोन वर्षं राहिलीत. सही करा आणि सुखानं घरी जा."

"ती बाळंत झाली तेव्हा तिचे वर्ग मी घेतले, साहेब. शाळेत काही खंड पडला नव्हता." एवढं बोलून अक्कांनी पेनाला टोपण लावलं.

बाकीच्या पाच जणांनी सह्या केल्या. स्टँडवर मी रडत होते. "अक्का, तुम्ही तरी सही करून टाका," म्हटलं, तर पहिल्यांदाच माझ्यावर चिडल्या. "आते तू मले शिकाडशी का?" त्या पाच जणांबद्दल मात्र त्यांनी कधी वाकडा शब्द काढला नाही. मधल्या सुट्टीत त्यांच्याच शेजारी बसून त्यांना आपल्या डब्यातली मिरचीची भाजी वाढायच्या. मी तोंड फिरवलं तर म्हणायच्या, "त्यासना मांगे बी घर शे."

तारखा पडत गेल्या. ते पाच जण कायम झाले आणि अक्का तासिकेवरच राहिल्या. वर्ष उलटायला आलं तेव्हा सुनावणी झाली. निकालात सात नावं आहेत, उरलेली दोन कुठे आहेत, असं कोर्टानं थेट विचारलं. बाळंतपण म्हणजे खंड नव्हे, असंही सांगितलं. आठ दिवसांत आम्हा दोघींचे हुकूम आले. माझ्यापुढे अख्खी नोकरी पडली होती. अक्कांपुढे तेरा महिने.

"माझ्यामुळे तुमचं एक वर्ष गेलं," मी एकदा म्हणाले.

"वाया नही गयं वं. पोरेसले शिकाडात गयं."

त्या निवृत्त झाल्या त्या दिवशी त्यांना पोचवायला पाड्यावरची माणसं फाट्यावर आली होती. त्यात सुमन होती. ती अक्कांनी शिकवलेल्या पहिल्या मुलींमधली, आता तिचीच मुलगी पाचवीत. कोर्टाची बातमी तिच्याही कानावर गेली होती. अक्कांची पिशवी तिनं घट्ट धरून ठेवली, सोडेना.

"अक्का, कोर्टनी तुले कायम करं ना? मंग आते कथा चालनी तू?"

समोर एसटी येऊन थांबली, कंडक्टरनं घंटी वाजवली. मी सुमनच्या हातातून पिशवी घ्यायला पुढे झाले, पण कायम झाल्यावर अक्का कुठे चालल्या, हेच ती विचारत राहिली.