अक्काचा ब्रेक लागला होता

शाळेत मी दुसरा तास घेत असताना दाजींचा फोन आला. दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, कुमुदअक्काचे यजमान. ते सहसा फोन करत नाहीत, त्यामुळे मी वर्गाबाहेर येऊन उचलला. "सुलू, अक्काची गाडी पुलावर उभी आहे," एवढंच ते म्हणाले. मला वाटलं, बंद पडली असेल. ती गाडी आणि तिच्या तक्रारी ऐकून माझे कान किटले होते. मी वैतागूनच म्हटलं, "मग मेकॅनिकला फोन करा ना दाजी, मी इथे धुळ्यात बसून काय करू?" तेव्हा ते म्हणाले, "गाडी ठीक आहे गं. अक्का राहिली नाही."

अक्का बोदवडला एका पेशंटकडे जाऊन जळगावला परत येत होती. वाटेतल्या रेल्वेपुलाच्या चढावर तिने गाडी डाव्या कडेला घेतली, चारही दिवे लुकलुकते ठेवले, हँडब्रेक ओढला आणि स्टिअरिंगवर डोकं टेकलं. मागच्या ट्रकवाल्याने आधी हॉर्न वाजवले, मग चिडून उतरला आणि काचेतून बघून तिथेच थबकला. डॉक्टरांनी सांगितलं, हृदयविकाराचा झटका. दवाखान्याच्या दारात आला असता तरी कदाचित काही करता आलं नसतं. पन्नाशी नुकतीच ओलांडलेली, दिवसभर दुसऱ्यांचे हातपाय हलवणारी बाई. तिला कधी साधं सर्दीचं औषध घेतलेलं मी पाहिलं नव्हतं.

याला आता काही आठवडे झाले. हे लिहायला बसले ते मन हलकं करण्यासाठी नाही. मला राग आला आहे, म्हणून बसले. चौकातल्या श्रद्धांजलीच्या फलकावर अक्काच्या फोटोखाली "शांत, मनमिळाऊ" असं छापलं होतं. अक्का शांत? गॅस सिलिंडरवाल्यापासून सिव्हिल सर्जनपर्यंत तिने कुणाला सोडलं नव्हतं. पण तेही चाललं असतं. दहाव्याला माझ्या शेजारी बसलेली आमची धुळ्याची मावशी कुजबुजली, "गाडीना ब्रेकच लागना नही म्हणे? स्वतः खोलेल होता ना तिनी... बाईमानूसनी कसाले हात घालाना त्यामा?" तोवर एका चुलतभावाने ही कथा जमलेल्या पाहुण्यांना पुरवून झाली होती. अक्का स्वतःच ब्रेकचे लायनर बदलायची, त्यात काहीतरी राहून गेलं, आणि पुलावर ब्रेक फेल झाले. त्याने हातांनी स्टिअरिंग फिरवूनही दाखवलं. जणू तो मागच्या सीटवर बसला होता.

म्हणून जे घडलं ते सांगते.

अक्का फिजिओथेरपिस्ट होती. मेहरूणला घर, खालच्या खोलीत तिची प्रॅक्टिस. पण तिचं खरं काम खेड्यापाड्यात होतं. अर्धांगवायूने अंथरूण धरलेली माणसं जळगावला कोण आणणार? म्हणून ती जायची. आधी एसटीने, मग एक जुनी पांढरी छोटी गाडी घेतली. दाजींना गाडी चालवायची धास्ती. ते शेजारी बसले तरी दाराच्या वरची कडी घट्ट धरून ठेवतात. गाडी म्हणजे अक्काची एकटीची. तिचे अंगठे पुरुषासारखे रुंद होते आणि जिभेला हाड नव्हतं. पेशंट रडला तर म्हणायची, "रड, पण पाय उचलून रड."

बोदवडला तिचे एक पेशंट होते, आबा. धिप्पाड माणूस, उजवी बाजू गेलेली. पाच-सहा महिने खपून तिने त्यांना अंगणापर्यंत चालवलं होतं. एके दिवशी त्यांना पहिल्यांदा गाडीत बसवून गावातून फिरवून आणायचं ठरलं. त्यांचं घर उताराच्या गल्लीत. अक्काने हँडब्रेक ओढून गाडी दारात लावली, आबांचा एक पाय आत घेतला, दुसरा उचलणार तोच गाडी मागे सरकली. फार नाही, हातभर सरकली असेल. आबांच्या सुनेने धावत जाऊन चाकाखाली दगड घातला. आबा दाराला लोंबकळत खाली बसले. हाड मोडलं नाही, खरचटलंही नाही. पण त्यांची हिंमत गेली. "मी काही बाहेर येत नही आता, बापा," म्हणाले आणि खाटेवर जाऊन भिंतीकडे तोंड करून निजले. अक्काने किती समजावलं... नाहीच उठले.

आणि आठवडाभरापूर्वीच त्या गाडीला मागचे नवीन लायनर बसवलेले होते! ड्रम ब्रेकमध्ये चाकाच्या आत लोखंडी ड्रम असतो आणि दोन अर्धगोल पट्ट्या आतून त्याला दाबून चाक थांबवतात. त्या पट्ट्यांवरचा घासणारा थर म्हणजे लायनर. अक्काच्या गाडीचा हँडब्रेकही त्याच पट्ट्यांवर चालतो. हे सगळं मला नंतर कळलं. त्या वेळी मी सुट्टीला जळगावात होते म्हणून तिच्याबरोबर गॅरेजला गेले. गॅरेजवाला तिचं अर्धंच ऐकून म्हणाला, "ताई, साहेबांना पाठवा ना, त्यांना समजावून सांगतो." अक्काने तिथल्या तिथे दाजींना बोलावलं. दाजी रिक्षा करून आले. गॅरेजवाल्याने दाजींना बाजूला घेतलं आणि बराच वेळ हातवारे करून समजावलं. दाजी मान डोलवत होते. परत आल्यावर अक्काने विचारलं, "काय म्हणाला?" दाजी म्हणाले, "काही नाही... होतं म्हणे असं."

मग अक्काचा आवाज चढला आणि चाकं उघडली गेली. डावीकडचे लायनर कोरे करकरीत. उजवीकडचे जुनेच, वर ब्रेक ऑइल गळून काळे, तुळतुळीत झालेले. पकड धरणार तरी कशी? गॅरेजवाला म्हणाला, डावीकडचेच संपले होते, तेवढेच बदलले. अक्काने त्याला विचारलं, "एका पायात नवी चप्पल आणि एका पायात तेल लावलेली घालून तुम्ही उतारावर उभे राहाल का?" तो दाजींकडे बघून हसला. तिच्याकडे नाही, दाजींकडे. ते हसू मी विसरलेले नाही. अक्काने चाकं लावून घेतली, गाडी तशीच हळूहळू घरी आणली आणि त्या गॅरेजची पायरी पुन्हा चढली नाही.

तिथून माझे रविवार गेले. मी धुळ्याहून सकाळच्या बसने यायची ते बहिणीशी गप्पा मारायला, आणि ती मला न्यायची स्पेअर पार्टच्या दुकानात. दुकानदार शेठजी, राजस्थानातून तीन पिढ्यांपूर्वी आलेलं घराणं. मराठी आपल्याइतकंच. त्यांचंही पहिलं वाक्य तेच, "मेकॅनिकला पाठवा, त्याला बरोबर माहीत असतं." अक्का स्टूल ओढून बसली. "मेकॅनिक नाही. मी आहे. दाखवा." शेठजींनी सुस्कारा सोडून तीन खोकी मांडली. एक गाडीच्या कंपनीचे, एक दुसऱ्या कंपनीचे, आणि एक जुन्याच पट्ट्यांवर इथेच नवीन थर चिकटवलेले. नरम असले तर पकड चांगली पण लवकर झिजतात, कडक असले तर टिकतात पण ओरडतात आणि ड्रमही खातात, असं त्यांनी सांगितलं. "तुम्हाला कोणते पाहिजेत?"

"उतारावर गाडी उभी राहील ते."

"ते तर सगळेच राहतात हो, ताई."

"नाही राहत," अक्का म्हणाली.

खरं सांगायचं तर पहिल्यांदा ती चुकली. चिकटवलेले घेतले, आणि ते इतके किंचाळायचे की मेहरूण तलावावर सकाळी फिरायला येणारे लोक वळून बघायचे. दुसऱ्या वेळी चांगले घेतले, पण ड्रम आतून झिजून मोठा झाला होता, त्यामुळे लायनर फक्त मधेच टेकत होते, कडेला नाही. ड्रम आतून घासून घ्यायला लेथवाल्याकडे नेला तर तो म्हणाला, आता घासायला काही उरलं नाही, नवीन घ्या. तेव्हा ड्रम बदलले, ऑइल गळणारं ब्रेकचं सिलिंडर बदललं, आणि दोन्ही बाजूंना कंपनीचे लायनर एकदमच घातले. हे सगळं तिने स्वतःच्या हाताने केलं, घरासमोरच्या फरशीवर, जुनी साडी अंथरून. नाकातोंडाला दवाखान्यातला मास्क. ड्रममधली धूळ फुंकायची नाही, ओल्या फडक्याने टिपायची, असं ती मला दटावायची. एका वेळी एकच चाक खोलायची, म्हणजे अडलं तर दुसरं उघडून बघता येतं. मी ड्रम धरून बसायची. एकदा पकडीतून स्प्रिंग सुटली ती थेट शेजाऱ्यांच्या तुळशीत. अर्धा दिवस शोधत होतो. मी म्हटलं, "अक्का, हा काय छंद आहे? दे ना कुणाला तरी करायला!" ती हातातला पाना खाली न ठेवताच म्हणाली, "कुणाला तरीच दिलं होतं."

ती गाडी घेऊन आम्ही पुलाच्या चढावर गेलो. कडेला घेऊन तिने हँडब्रेक ओढला, गिअर काढला आणि ब्रेकवरून पाय उचलून मांडी घातली. गाडी हलली नाही. मी घाबरून दार धरलं होतं. शेजारून ट्रक जाताना सगळी गाडी हादरायची, पण जागची हलत नव्हती. मला वाटलं, आता तरी हसेल. पण ती समोर बघत म्हणाली, "हे आधीच झालं असतं तर आबा आज गावात फिरले असते."

आबा मात्र पुन्हा गाडीत बसले नाहीत. ती दर आठवड्याला जायची, ते भिंतीकडे तोंड करून पडलेले असायचे, आणि ती त्यांचा पाय हातात घेऊन तासभर वाकवायची, सरळ करायची. शेवटच्या दिवशीही ती त्यांच्याकडूनच येत होती. सुनेने फोनवर सांगितलं की त्या दिवशी आबा अंगणापर्यंत आले होते, आणि अक्का जाताना त्यांना म्हणाली होती, "पुढच्या वेळी गाडीत." हे ऐकून मला बरं वाटायला हवं होतं. मला फक्त चीड आली. इतक्या उशिरा का आलात आबा? आणि अक्का, तू तरी इतकी घाई कसली केलीस?

आणि ब्रेकचं म्हणाल तर ऐका. पोलिसांनी गाडी बाजूला घ्यायची म्हणून हवालदाराने ढकलून पाहिली, ती इंचभर सरकली नाही. दोघांनी मिळून ढकललं, तरी नाही. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की हँडब्रेक ओढलेला आहे. गिअर नव्हता. नुसत्या त्या लायनरांवर गाडी चढावर उभी होती, आत माझी बहीण होती, आणि मागे शाळेच्या मुलांनी भरलेली एक रिक्षा ट्रकच्या आडोशाला थांबलेली होती. हे दाजींनी डोळ्यांनी पाहिलंय. मी हे मावशीला सांगितलं. तिने सगळं ऐकून घेतलं, पदराने डोळे पुसले, आणि म्हणाली, "ते खरं शे बाई, पन ब्रेकना भरोसा नही." चुलतभाऊ म्हणाला, "असं नंतर बोलायला ठीक असतं." काय करायचं या लोकांचं? छातीत कळ येत असताना गाडी कडेला घेऊन, दिवे लावून, ब्रेक ओढून गेलेल्या बाईबद्दल माणसं म्हणतात, तिला ब्रेक लावता आला नाही.

गेल्या रविवारी मी ती गाडी धुळ्याला आणायला गेले. दाजी म्हणाले, मी येतो सोबत, दोन दिवस राहतो. निघालो. ऊन चांगलंच होतं, एसी चालू होता. मेहरूणच्या रस्त्याला एका शाळेची लांबलचक कुंपणभिंत लागते. तिथे माझा हात आपोआप गेला आणि मी दाजींच्या बाजूची काच खाली केली. ही अक्काची सवय. भिंतीजवळून जाताना काच खाली करायची आणि हलकेच ब्रेक दाबायचा. चाकातला आवाज भिंतीवर आपटून परत कानात येतो, एरवी कळत नाही. किती वेळा तिने उन्हाळ्यात मला असं भाजून काढलं असेल! "काच का उघडली?" दाजींनी विचारलं. मी बोटाने गप्प केलं आणि ब्रेकवर पाय ठेवला.

कुईं...

डावीकडून, मागून. बारीकच, पण होता. मी पुन्हा दाबला. पुन्हा कुईं. माझ्या डोक्यात तिडीक गेली. एवढी मोठी उन्हाळी सुट्टी समोर होती आणि आता हे निस्तरायला मला ठेवून बाईसाहेब निघून गेल्या. मी गाडी भिंतीला लागून थांबवली.

दाजी कडी सोडून भिंतीकडे बघत होते. मला वाटलं, आता म्हणतील, वाटेत एखादं गॅरेज बघू या. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला.

"दोन्ही बाजूंचे बदलावे लागतील ना?" ते म्हणाले.

"हो. दोन्ही."

"घरी पोचलो की करू," दाजी म्हणाले. "मी काय धरायचं, तेवढं सांग."