आधी फळ, मग आकडा

"पिल्लं जास्त पळायला लागली आहेत," नितीन सर म्हणाले.

मंगळवारची दहाची मीटिंग होती. मीटिंग म्हणजे मोबाईलवर चौकोनांत चेहरे दिसतात ती. सर पुण्यात, प्राची पुण्यात, आणखी दोघं कुठल्या तरी शहरांत. मी चुडाव्यात, स्टेशनच्या मागच्या अंगाला, माझ्या घरात. माझा कॅमेरा बंद, आवाजही बंद. कामाला लागून चार महिने झाले होते आणि तोवर मीटिंगमध्ये मी एकदाही बोलले नव्हते. काही विचारलं तर खाली 'ओके' लिहायचं, एवढंच.

"जास्त म्हणजे किती?" प्राचीने विचारलं.

"शीट उघड. टिपूरची चपळाई बघ. बावीस. हा बावीस आला कुठून? वीसच्या वर जायलाच नको."

ती शीट मी भरलेली होती.

शेजारच्या गयाबाई कुंपणावरून नेहमी विचारतात, "दिवसभर त्या मोबाईलमध्ये काय बघायलीस गं?" मला त्यांना नीट सांगता येत नाही. तोंडाने सांगायला गेलं की गोंधळ होतो. म्हणून इथे वहीत लिहिते.

प्राचीच्या कंपनीचा एक गेम आहे. अजून लोकांसाठी सुरू झालेला नाही. त्यात रानात अंडी सापडतात. अंडं फोडलं की पिल्लू निघतं. ते वाढवायचं आणि दुसऱ्याच्या पिल्लाशी लढवायचं. टिपूर ही त्यातली एक जात. सशाएवढी, लांब कानांची, अंगावर पांढरे ठिपके.

प्रत्येक पिल्लाला जन्मतानाच काही आकडे मिळतात. ताकदीचा एक, चपळाईचा एक, तग धरण्याचा एक. शून्यापासून वीसपर्यंत कुठलाही. हे आकडे लपवलेले असतात, खेळणाऱ्याला दिसत नाहीत. त्याला दिसते ती बेरीज. टिपूर जातीची मुळातली चपळाई दहा. त्यात पिल्लाचा स्वतःचा आकडा मिळवून फोनवर दाखवतात. फोनवर पंचवीस दिसले तर दहा वजा करायचे. पंधरा हा त्या पिल्लाचा आतला आकडा. माझं शिक्षण चौथीपर्यंत झालंय, पण वजाबाकी पक्की आहे.

रोज साठ अंडी फोडायची, आकडे बघायचे, वजा करून शीटमध्ये भरायचे आणि पिल्लू सोडून द्यायचं. कंपनीला आपल्या कॉम्प्युटरवर हे आकडे दिसत नाहीत का? दिसतात. पण आत एक आणि फोनवर भलतंच, असं होऊ शकतं. ते धरायला बाहेरून बघणारं माणूस लागतं. याला टेस्टिंग म्हणतात. अंड्यांचं टेस्टिंग फक्त माझ्याकडे होतं. बाकीचे दोघं लढाया तपासायचे.

प्राची आमच्या शेजारची. आमच्या दोन घरांत एकच भिंत. शाळेतून आली की दप्तर तिच्या घरी आणि ती माझ्या घरी, असं होतं. पुढे ती पुण्याला शिकायला गेली, मग नोकरी लागली, मग आई-वडिलांनाही घेऊन गेली. त्या घराला आता कुलूप आहे. माझे मालक रेल्वेत ट्रॅकमन होते. ते गेल्यावर चार वर्षं मी एकटीच आहे, मूलबाळ नाही. प्राचीनेच हे काम मिळवून दिलं. म्हणाली, "मावशी, तुमच्यासारखं बारीक बघणारं माणूस मला दुसरं माहीत न्हाई."

आता नेमकी तीच अडचणीत आली. अंड्यांचा सगळा कोड तिचा. कोड म्हणजे गेमने कधी काय करायचं ते लिहून ठेवलेलं असतं.

तिने कॉम्प्युटरवर बघितलं. आत वीस होते. माझ्या फोनवर त्याच पिल्लाचे बत्तीस दिसत होते, म्हणजे बावीस. मग तिने स्वतःच्या फोनवर अंडी फोडून बघितली. तिथे सगळं बरोबर.

"माझ्याकडे येत नाहीये, सर," ती बुधवारच्या मीटिंगमध्ये म्हणाली.

"तुझ्याकडे येत नाही म्हणजे चूक नाही असं नसतं ना, प्राची. लोकांचे फोन त्यांच्यासारखेच असणार. शनिवारी डेमो आहे. तिथे पैसे घालणारे लोक बसणार आहेत. त्यांच्यासमोर बत्तीस दिसले तर मी काय सांगू?"

मीटिंग संपल्यावर प्राचीने मला लिहून विचारलं, मावशी, तुम्ही एकापाठोपाठ काय काय दाबता ते सगळं पाठवा. मी लिहिलं. अंडं फोडलं. आकडा बघितला. दहा वजा केले. शीटमध्ये भरला. पिल्लू सोडलं. कंपनीने दिलेल्या कागदावर स्टेप्स होत्या, अगदी तशाच.

बुधवारी तिने अंड्याचा कोड पुन्हा लिहिला. गुरुवारी आणखी एकदा लिहिला. माझ्याकडे बत्तीस येतच राहिले.

गुरुवारी संध्याकाळी तिचा फोन आला.

"मावशी, जेवलात का?"

"आताच? दिवा बी लागला न्हाई अजून. तुझा आवाज असा का यायलाय?"

"काई न्हाई. सर म्हणायलेत, उद्या दहापर्यंत सापडलं न्हाई तर अंड्याचं काम दुसऱ्याकडं द्यायचं. आन् माझे सहा महिने याच महिन्यात भरतेत."

"कशाचे सहा महिने?"

"पारखून बघायचे असतेत हितं माणसाला. सहा महिने बघतेत, मंग ठेवतेत न्हाई तर घरी पाठवतेत. माझं हे असं झाल्यावर कोण ठेवंल?"

मी म्हणाले, "पोळी तरी खा."

"मावशी, एक लय विचित्र हाय बघा. वीसला जेवढी पिल्लं यायला पाहिजेत तेवढीच शून्याला बी यायला पाहिजेत. तुमच्या शीटमध्ये गेल्या तीन आठवड्यांत बाराशे पिल्लं हायत. त्यात शून्य एक बी न्हाई. एक आकड्याचं बी न्हाई. सगळी दोनपासून पुढं. जसं काय कुणी कमजोर पिल्लू जन्मूच दिलं न्हाई."

फोन ठेवल्यावर मी भाकरी केली. एक मला पुरते.

शुक्रवारी सकाळी लवकर कामाला बसले. पहिलं अंडं फोडलं. टिपूर निघाला. निघाला की तो कान झटकतो आणि स्क्रीनच्या काचेजवळ येऊन बघत राहतो. माझं बोट आपोआप फळाच्या चित्राकडे गेलं आणि तिथेच थांबलं.

ही फळं तीन आठवड्यांपूर्वी गेममध्ये आली होती. पिल्लाला फळ दिलं की त्याची माया वाढते. माया म्हणजे ते आपल्याला किती ओळखतं ते. त्याच्या डोक्यावर लहान बदाम उमटतो. फळं आली त्या दिवसापासून मी प्रत्येक पिल्लाला आधी फळ द्यायचे आणि मग आकडा बघायचे.

माझे वडील बोरीकडचे, मेंढरं राखणारे. कोकरू विकत घ्यायला गिऱ्हाईक आलं की वडील त्याला बसवून ठेवायचे. आधी कोकरू आईला लावून पाजायचे, पोट भरू द्यायचे, मगच गिऱ्हाइकाला हात लावू द्यायचे. गिऱ्हाईक वैतागायचं. वडील म्हणायचे, "उपाशी असल्यावर सगळेच मरतुकडे दिसतेत. आदी पिऊ द्या, मंग बघा." आमच्याकडे सगळे असंच करायचे. मी पाच वर्षांची असल्यापासून कोकरं आईला लावायचं काम माझं होतं.

म्हणून प्राचीने स्टेप्स विचारल्या तेव्हा मी फळाचं लिहिलं नाही. लपवलं असं नाही. ते काम आहे असंच मला वाटलं नव्हतं. पाणी प्यायलो हे कुणी लिहितं का?

त्या पिल्लाचा आकडा मी फळ न देता बघितला. चोवीस. मग फळ दिलं. सव्वीस.

आणखी वीस अंडी फोडली. प्रत्येकाला फळाच्या आधी बघितलं, मग नंतर. प्रत्येक वेळी दोन वाढले. बाराव्या अंड्याला फळाच्या आधी दहा आले. म्हणजे आतला आकडा शून्य. दिसायला तो बाकीच्यांसारखाच होता. त्यानेही कान झटकले.

खरं सांगायचं तर पहिल्यांदा मनात आलं की बोलू नये. उद्यापासून फळ द्यायचं बंद केलं की आकडे आपोआप सरळ होतील. कुणाला कळणार नाही. पण चूक कशाने गेली हे सांगता आलं नाही तर सर प्राचीवर विश्वास ठेवणार नाहीत, आणि तिचं काम दहा वाजता जाणार होतं. तिला फोन लावला. लागेना. पुन्हा लावला. तिचा फोन सतत बिझी. पावणेदहा झाले. लिहून पाठवायला बसले तर कुठून सुरू करावं कळेना. तीनदा लिहिलं आणि पुसलं.

दहाला मीटिंग सुरू झाली.

"सापडलं?" सरांनी विचारलं.

"नाही, सर," प्राची म्हणाली. तिचे डोळे सुजलेले होते.

"ठीक आहे. मग अंड्यांचा भाग आपण—"

"सर," मी म्हणाले.

कुणी वळून बघितलं नाही. आवाज बंदच होता. मी माईकचं चित्र दाबलं.

"सर, ते फळामुळं होतंय."

"कोण बोलतंय?"

"मी. चुडाव्याहून."

"मावशी?" प्राची म्हणाली.

नेमकी त्याच वेळी मागून मालगाडी आली. गाडी आली की आमच्या घरातली भांडी हलतात.

"काय? काहीच ऐकू येत नाहीये. मागे काय चाललंय?"

"मालगाडी हाय, सर. थोडं थांबा."

सगळे थांबले. गाडी लांबलचक होती. चार शहाणी माणसं गप्प बसून माझ्या घरामागचे डबे ऐकत राहिली. मला वाटलं, ही गाडी संपूच नये.

संपली.

"मी पिल्लाला आदी फळ देते, सर. मंग आकडा बघते. फळानं चपळाई दोनानं वाढायलीय. आज एकवीस पिल्लं बघितली. आदी आन् नंतर."

"फळ का देता? स्टेप्समध्ये आहे का ते?"

"न्हाई, सर."

"मग?"

मला वडिलांचं, कोकरांचं सगळं सांगायचं होतं. तोंडातून एवढंच आलं, "उपाशी होते, सर."

दोघांपैकी कुणीतरी हसलं. सर हसले नाहीत.

"अहो, गेम आहे तो. त्याला भूक लागत नाही."

"हो, सर."

"तीन आठवड्यांचा डेटा वाया गेला. प्राचीचे तीन दिवस गेले. कळतंय ना?"

"हो, सर. प्राचीची चूक न्हाई, हे सांगायचं होतं. माझं काम बंद केलं तरी चालंल."

प्राचीने नाक पुसलं आणि म्हणाली, "पण सर, फळाने चपळाई वाढायलाच नको. फळाने फक्त माया वाढते, असं आपलं ठरलं होतं."

"हं."

"फळाचा कोड माझ्याकडे नव्हता, सर."

"माहीत आहे," सर म्हणाले. "माझ्याकडे होता."

दुपारी दोनच्या आत त्यांनी तो दुरुस्त केला. नुकत्याच जन्मलेल्या पिल्लाला कुणी लगेच खाऊ घालील, हे त्यांच्या डोक्यातच आलं नव्हतं. बाकीचे टेस्टर पिल्लू मोठं झाल्यावर फळ द्यायचे, आणि तिथे सगळं बरोबर चालत होतं. शनिवारचा डेमो झाला. त्या लोकांपैकी एका बाईंनी अंडं फोडलं आणि सगळ्यांत आधी फळ दिलं, असं प्राचीने सांगितलं. आकडा हलला नाही.

ती त्या दिवशी फोनवर खूप बोलली. "मावशी, तुमी बोललात! सगळे विचारायलेत, ह्या कोण बाई म्हणून." महिनाअखेर तिला पक्कं केलं. त्यानंतर तीन आठवडे तिचा फोन नाही. काम सुरळीत चाललं की फोन येत नाहीत. बरंच आहे ते.

माझं काम राहिलं. कागदावर दोन ओळी वाढल्या. आकडा बघण्याआधी पिल्लाला काहीही देऊ नये. स्टेप्समध्ये नसलेलं काही केलं, तर ते कितीही किरकोळ वाटलं तरी लिहून कळवावं. बाराशे पिल्लं मला पुन्हा तपासावी लागली. आता शून्यं येतात. जेवढी यायला हवीत तेवढी.

मी यातून शिकले ते एवढंच. आपण काय काय केलं ते सांगताना माणूस फक्त कामं सांगतो. सवयी सांगत नाही. चूक बहुतेक वेळा सवयीत असते.

एक गोष्ट मात्र मी सरांना विचारून घेतली. बोलून नाही, लिहून. आकडा शीटमध्ये भरून झाल्यावर, सोडण्याआधी, फळ दिलं तर चालेल का?

सरांनी लिहिलं, "कशासाठी?"

मी पुढचं पिल्लू सोडायला घेतलं. सोडण्याचं बटण दाबलं की पिल्लू गवताकडे जातं आणि जाता जाता एकदा मागे वळून बघतं. गेममध्ये तसं घालूनच ठेवलंय, सगळीच बघतात. दिवसाला साठ.

अर्ध्या तासाने सरांचा मेसेज आला. "चालेल. वेळ तुमचा जाईल."

एका फळाला चार सेकंद लागतात. मी दिवस थोडा लवकर सुरू करते.