तेरावी जर्सी

आमच्या ह्यांना क्लबात सगळे सामानकाका म्हणतात. खेळाडू, कोच, दारावर तिकीट फाडणारा, झाडून सगळे. मला त्यात काही वावगं वाटत नाही, कारण घरीसुद्धा हे सामानाचंच बोलतात. बास्केटबॉलच्या पुरुष संघाच्या जर्स्या धुवायच्या, उसवलेलं शिवायचं, बुटांत नव्या नाड्या ओवायच्या, चेंडूंत हवा भरायची आणि मॅचच्या दिवशी चेंजिंग रूममध्ये ज्याची त्याची जर्सी ज्याच्या त्याच्या खुंटीवर टांगायची, एवढं ह्यांचं काम. स्वतः कधी चेंडू हातात धरला असेल तर तो पुसायला. घराण्यातली सगळी उंची धाकट्या भावाने, म्हणजे माझ्या दिराने, एकट्याने लाटली. मी लग्न होऊन आले तेव्हा भाऊजी शाळेत होते आणि तेव्हाच दारातून वाकून यायचे. ह्यांनीच त्यांना हाताला धरून क्लबात नेलं. पुढे ते मोठ्या संघात आले, अकरा नंबर मिळाला, आणि ती जर्सी हे वेगळ्या पाण्यात धुतात असं मी चिडवायची. ते खरं नव्हतं. ह्यांना दुजाभाव जमत नाही.

आता खुंटीचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळायचं नाही. संघात खेळाडू पंधरा-सोळा, पण मॅचच्या यादीत नावं फक्त बारा. कोणाला वगळलं ते आमचे कोच त्या खेळाडूला कधी सांगत नाहीत. सकाळी ह्यांच्या कानात सांगतात, आणि मग त्याची खुंटी रिकामी राहते. तो येतो, खुंटी बघतो, त्याला कळतं. त्या वेळी खोलीत एकजात सगळ्यांना आपापल्या नाड्या आठवतात. कोणी मान वर करत नाही. तो बिचारा पिशवी उचलतो आणि मागच्या जिन्याने वर प्रेक्षकांत जाऊन बसतो. मला ही पद्धत कधीच पटली नाही. "तुमच्या कोचने तोंड भाड्याने दिलंय का?" असं मी एकदा विचारलंही होतं.

हे म्हणाले, "तोंडाने सांगितलं की माणूस भांडतो. खुंटीशी कोण भांडणार?"

त्या वर्षी आमचा क्लब खंडाच्या अजिंक्यपदाच्या अंतिम सामन्यात पोचला. देशोदेशीचे विजेते क्लब हंगामभर एकमेकांशी खेळतात आणि शेवटी दोन उरतात. त्या दोनांत आम्ही, आणि मॅच आमच्याच शहरातल्या स्टेडियममध्ये. भाऊजींचं ते शेवटचं वर्ष. गुडघे कुरकुरायला लागले होते, आणि मॅच खिशात आल्यावरच त्यांना थोडा वेळ कोर्टावर सोडायचे. पण यादीतून नाव कधी गेलं नव्हतं. सासऱ्यांनी धाकट्याला समोर खेळताना कधी पाहिलंच नव्हतं. टीव्हीवर बाकावर बसलेल्यांत ते त्याला शोधायचे आणि दिसला की खूश व्हायचे. या मॅचला ते मुद्दाम प्रवास करून आमच्याकडे आले.

नेमका त्याच आठवड्यात क्लबाने परदेशातून नवा सेंटर आणला. सेंटर म्हणजे बास्केटखाली ठाण मांडणारा सगळ्यांत धिप्पाड गडी. ती भाऊजींची जागा. मॅचच्या दिवशी सकाळी मी चहा गाळत होते, तेव्हा सासऱ्यांना भेटायला आलेले भाऊजी स्वयंपाकघराच्या दाराला टेकून उभे राहिले.

"वहिनी, आज माझी खुंटी रिकामी असेल."

"काहीतरीच. चहा घ्या."

"आधी कळलं असतं ना, तर बाबांना नेलंच नसतं. डोकं दुखतंय म्हणून घरी बसलो असतो, दोघांनी टीव्हीवर बघितली असती. पण दादा काही सांगायचा नाही. आजवर कोणाला सांगितलं नाही, मलाच कसं सांगेल?"

मी म्हटलं, सांगतील हो, भाऊ आहात. मला तेव्हा खरंच तसं वाटलं.

हे दुपारी जेवायला आले. तोवर कोचने ह्यांच्या कानात सांगून टाकलं होतं की अकरा नंबर आज नको. मला पत्ता नव्हता. एवढंच दिसलं की ह्यांच्या ताटातलं निम्मं तसंच राहिलं. समोर सासरे नवा शर्ट घालून तयार बसले होते.

"आज धाकट्याला घेतील ना रे?" त्यांनी ह्यांना विचारलं.

"बघू," हे म्हणाले.

भाऊजींनी जेवता जेवता मान वर करून भावाकडे पाहिलं. हे गटागटा पाणी प्यायले आणि उठून क्लबात गेले. सांगायची वेळ तीच होती, आणि ती ह्यांनी घालवली.

पुढचं ह्यांनी मला नंतर सांगितलं, तेही तुकड्या-तुकड्यांनी. खोलीत बारा जर्स्या टांगून झाल्या. अकराची खुंटी रिकामी. आयुष्यभर दुसऱ्यांच्या रिकाम्या खुंट्या बघितलेल्या माणसाला ती एक बघवेना. म्हणून ह्यांनी तेरावी जर्सीही टांगली. बेत असा, की धाकट्याला दारातच गाठायचं, सामानाच्या खोलीत न्यायचं, दोघांतच सांगायचं, आणि मग जर्सी गुपचूप काढून ठेवायची. पण ऐन वेळी त्या नव्या सेंटरच्या चड्डीचं इलॅस्टिक तुटलं. एवढा मोठा देह आणला, पण माप घ्यायचं कोणाला सुचलं नव्हतं. हे सुईदोरा घेऊन सामानाच्या खोलीत बसले, सेंटर टॉवेल गुंडाळून शेजारी उभा, आणि तेवढ्यात भाऊजी चेंजिंग रूममध्ये शिरले.

खुंटीवर जर्सी होती. बाकीच्यांनाही त्यांच्याबद्दल धास्ती होतीच, त्यांनीही पाहिली. कॅप्टनने पाठीत थाप घालून म्हटलं, "टिकलास की रे." कोच बाहेर कोर्टाच्या कडेला पंचांच्या टेबलापाशी होते. हे चड्डी शिवून परत आले तोवर खोलीत कोणी उरलं नव्हतं, संघ कोर्टावर उतरला होता.

मी वर सासऱ्यांच्या शेजारी बसले होते. संघ बाहेर आला. भाऊजी कधी प्रेक्षकांकडे बघत नाहीत. त्या दिवशी त्यांनी गर्दीत आम्हाला शोधून काढलं आणि हात वर केला. सासऱ्यांनी दोन्ही हात वर केले आणि पलीकडच्या अनोळखी माणसाला सांगितलं, "तो आमचा धाकटा."

मग टेबलावरचा एक पंच उठला. त्याने खेळाडू मोजले, पुन्हा मोजले आणि कोचला बोलावलं. कोचने वळून पाहिलं आणि भाऊजींकडे बोट केलं. भाऊजींच्या हातात चेंडू होता. तो त्यांनी शेजारच्याला दिला आणि अख्खं कोर्ट ओलांडून ते आत जायला निघाले. मोठ्या पडद्यावर त्यांची पाठ दिसत होती. वरून कोणीतरी शिट्टी मारली, काही लोक हसले. गच्च भरलेलं स्टेडियम होतं ते.

"आत का गेला ग?" सासरे म्हणाले.

"काही राहिलं असेल, बाबा. आलेच मी," म्हणून मी खाली धावले. दारावरचा माणूस ओळखीचा, त्याने सोडलं. चेंजिंग रूमचं दार अर्धवट उघडं होतं. भाऊजी बाकावर बसले होते आणि हे त्यांच्यासमोर उभे होते. मी दाराबाहेरच थांबले.

"दादा, तुला माहीत होतं?"

"हो."

"कधीपासून?"

"सकाळपासून. मी सांगणारच होतो रे. तुला दारातच गाठणार होतो. ती रिकामी खुंटी तुला दिसू नये एवढंच..."

भाऊजी चिडले असते तर बरं झालं असतं. अगदी हळू आवाजात म्हणाले, "बाकीच्यांना तू इथे आत कळू दिलंस, दादा. मला बाहेर पाठवलंस."

ह्यांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. भाऊजींनी तो झटकला नाही, पण जर्सी काढायला ते उठले, तेव्हा तो आपोआप खाली आला. कपडे बदलून ते माझ्याबरोबर वर आले, वडिलांशेजारी बसले आणि म्हणाले, "आज मला सुट्टी, बाबा. चला, तुम्हाला खेळ समजावून सांगतो." आणि शेवटपर्यंत सांगत राहिले. आम्ही जिंकलो. सासऱ्यांनी त्यांच्या सांगण्यावरून योग्य तिथे टाळ्या वाजवल्या, आणि पुन्हा एकदाही काही विचारलं नाही.

ह्यांच्यावरचा माझा राग अजून गेलेला नाही. भित्रेपणा मायेच्या नावावर खपवू नका, असं मी ह्यांना तोंडावर सांगितलं. हे ऐकून घेतात. रात्री कूस बदलत पडतात, तेव्हा मात्र मला ह्यांची दयाही येते.

भाऊजी अजून दर सुट्टीला जेवायला येतात. हसतात, आमच्या मुलांना खांद्यावर घेतात, माझी थट्टा करतात. बाहेरच्या कोणाला काही जाणवणार नाही. फक्त जेवताना हे पाण्याचा तांब्या पुढे करतात, आणि भाऊजी आपल्या सख्ख्या भावाला "थँक यू" म्हणतात.